बिभा आणि संतमस

नंदुरबार जिल्ह्याच्या उत्तरेस सातपुड्याच्या रांगा पसरल्या आहेत. त्यांच्या माथ्यावर, अक्राणी तालुक्यात, तोरणमाळचे पठार आहे. वळणावळणाचा घाट चढून वर गेले, की समुद्रसपाटीपासून हजार मीटरांहून अधिक उंचीवर एक शांत, गार प्रदेश लागतो. तेथे यशवंत तलावाचे विस्तीर्ण पाणी आहे, भोवती झाडी आहे आणि दूरदूर विखुरलेले भिल्ल व पावरा लोकांचे पाडे आहेत. सूर्य मावळला, की तलावाचे पाणी काळे होते, डोंगरांच्या कडा विरून जातात आणि आकाश जणू खाली उतरून येते. शहरातील दिव्यांचा झगमगाट तेथवर पोहोचत नाही. त्यामुळे अमावास्येच्या रात्री तेथे जितके तारे दिसतात, तितके मोठ्या शहरातील मुलांना क्वचितच पाहावयास मिळतात.

होळीचा सण सातपुड्यात मोठ्या थाटाने साजरा होतो. ढोल वाजतात, पायांत घुंगरू बांधून लोक नाचतात आणि डोंगराडोंगरांतून ज्वाळा उठतात. तो पौर्णिमेचा काळ असतो. त्यानंतर पंधरा दिवसांनी फाल्गुनी अमावास्या येते. त्या सुमारास रात्री नऊ-साडेनऊ वाजता कोणी तोरणमाळच्या पठारावर उभे राहून वर पाहिले, तर जवळजवळ डोक्यावर सिंह राशीतील ताऱ्यांचा एक विळा दिसतो. विळ्याच्या मुठीशी जो ठळक तारा आहे, ती मघा. आता हात लांब करून मूठ वळावी आणि मघेपासून दक्षिणेकडे सुमारे दीड मूठ अंतर मोजावे. तेथे आकाश रिकामे भासते. षडंश नावाच्या एका लहानशा तारकासमूहाचा हा भाग आहे. पण त्यात लक्ष वेधून घेईल असा एकही तेजस्वी तारा नाही.

परंतु ती जागा रिकामी नाही. तेथे एक तारा आहे. तो सूर्याहून थोडा मोठा आणि सूर्याहून थोडा अधिक तापलेला आहे. केवळ अंतर फार असल्यामुळे तो आपल्याला दिसत नाही. नुसत्या डोळ्यांना अगदी काळोख्या रात्री जो सर्वांत मंद तारा कसाबसा दिसतो, त्याच्याही बारा पट तो मंद आहे. लहानशी दुर्बीण लावली, तर मात्र तो प्रकाशाच्या एका ठिपक्यासारखा दिसतो. त्याच्यापासून निघालेल्या प्रकाशाला पृथ्वीवर पोहोचावयास सुमारे ३४० वर्षे लागतात. प्रकाश एका सेकंदात सुमारे तीन लाख किलोमीटर धावतो, हे लक्षात घेतले म्हणजे या अंतराची काहीशी कल्पना येते. २००६ साली त्या ताऱ्याचा जो प्रकाश दुर्बिणींत शिरला, तो ताऱ्यापासून निघाला तेव्हा १६६६ साल किंवा त्याच्या मागचापुढचा काळ होता. त्याच वर्षी छत्रपती शिवाजी महाराज आग्र्याच्या कैदेतून निसटले होते.

या ताऱ्याभोवती एक ग्रह फिरत आहे. तारा निदान दुर्बिणीतून दिसतो. ग्रह मात्र दुर्बिणीतूनही कोणी पाहिलेला नाही. ग्रहाला स्वतःचा प्रकाश जवळजवळ नसतो. ताऱ्याच्या प्रकाशाचा अत्यल्प अंश तो परत फेकतो आणि तोही ताऱ्याच्या तेजात बुडून जातो. अक्कलकुवा तालुक्यातील काठी या गावची होळी प्रसिद्ध आहे. तिच्या ज्वाळा आभाळाला भिडल्या असता तिच्या अगदी निकट एखादा काजवा उडत असला, तर तो दूरच्या डोंगरावरून कोणाला दिसेल काय? त्या ग्रहाची स्थिती अशीच आहे. मग जो कोणालाही दिसलेला नाही, असा ग्रह तेथे आहे, हे माणसाला समजले कसे?

याचे उत्तर समजण्यासाठी आकाशातून थोडे खाली यावे लागते. तापीच्या काठी सारंगखेडा येथे दत्तजयंतीला मोठी यात्रा भरते. घोड्यांच्या बाजारासाठी ती दूरदूरपर्यंत ओळखली जाते. अशा यात्रेत एखादा बाप आपल्या लहान मुलाचे दोन्ही हात धरून त्याला स्वतःभोवती गरगर फिरवतो. मुलाचे पाय जमिनीवरून सुटतात आणि मूल आनंदाने ओरडते. पाहणाऱ्याला वाटते, की बाप एका जागी उभा आहे आणि मूल तेवढे फिरते आहे. पण नीट निरखून पाहिले, तर बापही किंचित मागे झुकलेला आणि लहानशा वर्तुळात डुलत असलेला दिसतो. मूल जितके वजनदार, तितके बापाचे डुलणे मोठे. समजा, अंधारात मूल दिसले नाही आणि बाप तेवढा दिसला, तरी त्याच्या डुलण्यावरून कोणीही सांगेल, की याने हातात काहीतरी धरले आहे आणि तो ते फिरवीत आहे.

तारा आणि ग्रह यांचेही असेच आहे. येथे हातांच्या जागी गुरुत्वाकर्षण आहे, एवढाच फरक. तारा ग्रहाला ओढतो, तसा ग्रहही ताऱ्याला ओढतो. ग्रह मोठ्या वर्तुळात फिरतो आणि तारा अगदी लहान वर्तुळात डुलतो. आपला सूर्यसुद्धा गुरूच्या ओढीने असा डुलत असतो. परंतु त्याचा वेग सेकंदाला अवघा १२ मीटर असतो, आणि एक डोलणे पुरे व्हावयास सुमारे १२ वर्षे लागतात. कारण गुरूला सूर्याभोवती एक फेरी करावयास तितका काळ लागतो.

आता प्रश्न असा, की ३४० प्रकाशवर्षे दूर असलेल्या ताऱ्याचे हे सूक्ष्म डुलणे मोजावयाचे कसे? येथे दुसरे एक रोजचे उदाहरण उपयोगी पडते. सुरतेहून भुसावळकडे जाणारा लोहमार्ग नंदुरबारवरून जातो. स्थानकात न थांबता एखादी मालगाडी भोंगा वाजवीत धडधडत निघून जाते, तेव्हा फलाटावर उभ्या असलेल्या माणसाला एक गोष्ट जाणवते. गाडी जवळ येत असताना भोंग्याचा सूर चढा असतो; ती पुढे निघून जाऊ लागताच तोच सूर एकदम उतरतो. भोंगा बदललेला नसतो, वाजवणाराही बदललेला नसतो. जवळ येणाऱ्या ध्वनीच्या लहरी दाटून येतात आणि दूर जाणाऱ्या ध्वनीच्या लहरी विरळ होतात, म्हणून सूर बदलल्यासारखा वाटतो. ऑस्ट्रियातील शास्त्रज्ञ ख्रिश्चन डॉप्लर यांनी १८४२ साली हा नियम मांडला. त्यांच्या नावावरूनच त्यास डॉप्लर परिणाम असे म्हणतात.

प्रकाशाच्याही लहरीच असतात. ताऱ्याचा प्रकाश लोलकासारख्या साधनातून नेला, म्हणजे त्याचा सप्तरंगी पट्टा तयार होतो. त्या पट्ट्यात ठिकठिकाणी बारीक काळ्या रेषा असतात. ताऱ्याच्या वातावरणातील निरनिराळी मूलद्रव्ये ठराविक रंगांचा प्रकाश शोषून घेतात. त्या जागी या रेषा उमटतात. तारा पृथ्वीकडे येऊ लागला, की सगळ्या रेषा जांभळ्या टोकाकडे किंचित सरकतात; तो दूर जाऊ लागला, की त्याच रेषा तांबड्या टोकाकडे सरकतात. हे सरकणे इतके सूक्ष्म असते, की ते मोजण्यासाठी अत्यंत नाजूक उपकरणे आणि त्याहून अधिक धीर लागतो. एकच तारा पुन्हा पुन्हा पाहावा लागतो आणि प्रत्येक वेळी त्याच्या रेषांची जागा नोंदवून ठेवावी लागते.

हवाई बेटांतील मौना केआ पर्वतावर केक वेधशाळेच्या दोन प्रचंड दुर्बिणी आहेत. त्यांपैकी एकीच्या साहाय्याने अमेरिकेतील खगोलशास्त्रज्ञांनी या ताऱ्याचे वेध घेतले. तेव्हा त्या ताऱ्याला नाव नव्हते. हेन्री ड्रेपर या खगोलशास्त्रज्ञाच्या स्मरणार्थ तयार झालेल्या तारासूचीतील ८६०८१ हा अनुक्रमांक, एवढीच त्याची ओळख होती. त्याच्या रेषा एकदा या बाजूस, एकदा त्या बाजूस, अशा नियमितपणे हलत असल्याचे दिसून आले. तारा सेकंदाला सुमारे २०० मीटर, म्हणजे ताशी सातशे किलोमीटरांहून अधिक वेगाने मागेपुढे डुलत होता. आणि एक डोलणे पुरे व्हावयास त्यास लागत होते केवळ दोन दिवस आणि सुमारे सव्वातीन तास. इतक्या थोड्या काळात इतके जोराचे डुलणे एखाद्या लहानसहान गोलामुळे होणे शक्य नव्हते. गणित मांडले गेले. ग्रहाचे वस्तुमान निदान गुरूच्या दीडपट असले पाहिजे, असे त्यातून निघाले. २००६ साली हा शोध जगापुढे आला.

गुरू हा आपल्या सूर्यमालेतील सर्वांत मोठा ग्रह. त्याच्या पोटात तेराशे पृथ्वी मावतील. परंतु त्यावर उभे राहावयास जमीन नाही. तो मुख्यतः हायड्रोजन आणि हेलियम या हलक्या वायूंचा बनलेला आहे. म्हणून त्यास वायुग्रह म्हणतात. आत आत जावे, तसतसा वरच्या वायूंचा दाब वाढत जातो, आणि वायू दाटत दाटत द्रवरूप होतो. या दूरच्या ग्रहाचीही जात हीच असली पाहिजे. मात्र गुरूमध्ये आणि त्याच्यात एक मोठा भेद आहे. गुरू सूर्यापासून फार दूर, गारठलेल्या प्रदेशात फिरतो. हा ग्रह आपल्या ताऱ्याच्या अगदी कुशीत आहे. त्या दोघांतील अंतर सुमारे ५० लाख किलोमीटर आहे. ऐकावयास ही संख्या मोठी वाटते; पण आपल्या सूर्याला सर्वांत जवळचा जो बुध, त्याचे सूर्यापासूनचे सरासरी अंतर सुमारे ५ कोटी ८० लाख किलोमीटर आहे. म्हणजे बुधाच्या अंतराच्या दहाव्या हिश्श्याहूनही कमी अंतरावर हा अवाढव्य ग्रह फिरत आहे.

होळी पेटली असता दहा हात दूर उभ्या असलेल्या माणसाला ऊब लागते. पण एक हातावर उभे राहण्याचा प्रयत्न करणाऱ्याची कातडी भाजून निघते. त्या ग्रहाचे तापमान हजार अंश सेल्सिअसहून अधिक असले पाहिजे, असे गणित सांगते. इतक्या उष्णतेत लोखंड लालबुंद होते. असे ग्रह आपली एकच बाजू सदैव ताऱ्याकडे वळवून फिरतात, असे शास्त्रज्ञ मानतात. तसे असेल, तर तेथे अर्ध्या ग्रहावर कधी न सरणारा दिवस आहे आणि उरलेल्या अर्ध्यावर कधी न सरणारी रात्र. त्याचे वर्ष तर फारच लहान. पृथ्वीवर एक वर्ष उलटते, तेवढ्यात तेथे सुमारे १७० वर्षे होऊन जातात. सातव्या इयत्तेत शिकणाऱ्या बारा वर्षांच्या मुलाचे वय तेथील वर्षांनी मोजले, तर ते दोन हजारांहून अधिक भरेल!

असे ग्रह असू शकतील, ही गोष्ट एके काळी शास्त्रज्ञांनाही खरी वाटत नव्हती. सूर्यमालेत लहान, खडकाळ ग्रह सूर्याजवळ आणि मोठे वायुग्रह दूर आहेत. तेव्हा सर्वत्र अशीच व्यवस्था असेल, असा त्यांचा समज होता. १९९५ साली स्वित्झर्लंडमधील मिशेल मेयर आणि दिदिए केलो यांनी आपल्यापासून सुमारे ५० प्रकाशवर्षे दूर असलेल्या, सूर्यासारख्या एका ताऱ्याभोवती ग्रह असल्याचे जाहीर केले. सूर्यासारख्या दुसऱ्या ताऱ्याभोवती सापडलेला तो पहिला ग्रह. तोही वायुग्रह होता, आणि तो सुमारे सव्वाचार दिवसांत एक फेरी पुरी करीत होता. अनेकांनी प्रथम शंका घेतली. पण इतर शास्त्रज्ञांनी स्वतः वेध घेऊन पाहिले, तेव्हा तेच डुलणे त्यांनाही आढळले. या शोधाबद्दल मेयर आणि केलो यांना २०१९ साली भौतिकशास्त्राच्या नोबेल पारितोषिकाचा वाटा मिळाला. अशा ग्रहांना आता तप्त गुरू असेच म्हणतात. ताऱ्याच्या इतक्या निकट, त्या धगीत, एवढा वायू गोळा होऊन असा ग्रह जन्मास येणे कठीण आहे. म्हणून हे ग्रह दूरच्या थंड प्रदेशात जन्मले आणि मागाहून सरकत सरकत ताऱ्याजवळ आले असावेत, असा बहुतेक शास्त्रज्ञांचा तर्क आहे. दुसऱ्या ताऱ्यांचे पाच हजारांहून अधिक ग्रह आजवर माणसाला सापडले आहेत. परंतु त्यांपैकी फार थोड्यांना नावे मिळाली आहेत. बाकीचे सूचीतील क्रमांकांनीच ओळखले जातात.

या ग्रहाला मात्र नाव मिळाले, आणि ते भारतातून मिळाले. आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाची स्थापना १९१९ साली झाली. शंभर वर्षे पूर्ण झाली, तेव्हा संघाने एक चांगली कल्पना काढली. जगातील शंभराहून अधिक देशांना एकेक तारा आणि त्याचा एकेक ग्रह नाव देण्यासाठी सोपविण्यात आला. भारताच्या वाट्यास हाच तारा आला. भारतीय खगोलशास्त्रीय संस्थेने देशभरातील लोकांकडून नावे मागविली. निवडक नावांवर लोकांनी मते दिली, आणि डिसेंबर २०१९ मध्ये निवड जाहीर झाली.

ग्रहासाठी जे नाव निवडले गेले, ते सुचविणारा विद्यार्थी पुण्यातील एका शाळेत शिकत होता, आणि त्याचे वय होते अवघे तेरा वर्षांचे. त्याने सुचविलेले नाव होते संतमस. हा संस्कृत शब्द आहे. चहूकडे दाटून आलेला काळोख, असा त्याचा भाव. त्यावरून झाकोळलेला, ढगांनी वेढलेला, या अर्थी ते नाव त्या वायुग्रहाच्या वातावरणाला उद्देशून देण्यात आले. ताऱ्याचे नाव सुरतेतील एका तरुण विद्यार्थ्याने सुचविले. ते नाव होते बिभा. संस्कृतातील विभा हाच शब्द बंगालीत बिभा असा उच्चारला जातो. विभा म्हणजे प्रकाश, तेज. प्रकाश असलेला तारा बिभा, आणि त्याच्याभोवती फिरणारा, कोणाच्याही दृष्टीस न पडलेला ग्रह संतमस, अशी ही जोडी जुळून आली.

परंतु बिभा हे नाव केवळ अर्थासाठी सुचविलेले नव्हते. ते एका स्त्रीचे नाव आहे. बिभा चौधुरी यांचा जन्म १९१३ साली कोलकात्यात झाला. मुलींनी भौतिकशास्त्र शिकावे, ही गोष्ट त्या काळी दुर्मीळ होती. १९३६ साली त्या कलकत्ता विद्यापीठातून भौतिकशास्त्र विषय घेऊन एम.एस्‌सी. झाल्या, तेव्हा त्यांच्या वर्गात त्या एकट्याच स्त्री होत्या. पुढे बोस संस्थेत देवेंद्र मोहन बोस यांच्याबरोबर त्यांनी विश्वकिरणांवर संशोधन आरंभिले. विश्वकिरण म्हणजे अवकाशातून पृथ्वीवर अखंड येणारे अतिसूक्ष्म कण. ते कोणत्याही सूक्ष्मदर्शकाखाली दिसत नाहीत. परंतु छायाचित्रणाच्या काचेवरील लेपातून ते गेले, की मागे त्यांचा बारीक माग उमटतो. जंगलातून वाघ निघून गेला, तरी ओल्या मातीतील पावलांवरून जाणता माणूस तो किती मोठा होता, हे सांगतो. बिभा चौधुरी आणि देवेंद्र मोहन बोस यांनी हेच केले. दार्जिलिंगकडील उंच डोंगरांवर त्यांनी अशा काचा महिनोन्‌महिने ठेवल्या, आणि मग एकेक काच सूक्ष्मदर्शकाखाली घेऊन एकेक माग तपासला. काही माग त्यांना अशा कणांचे आढळले, की ज्यांचे वस्तुमान इलेक्ट्रॉनाच्या सुमारे दोनशे पट होते. १९४१ आणि १९४२ साली त्यांनी आपले निष्कर्ष इंग्लंडमधील ‘नेचर’ या विख्यात नियतकालिकात प्रसिद्ध केले.

पुढचे पाऊल टाकण्यासाठी अधिक चांगल्या काचा हव्या होत्या. परंतु दुसरे महायुद्ध चालू होते, आणि तशा काचा भारतात मिळत नव्हत्या. काम तेथेच अडले. युद्ध संपल्यानंतर इंग्लंडमध्ये सेसिल पॉवेल यांनी याच पद्धतीने, पण सुधारलेल्या काचा वापरून, १९४७ साली पाय-मेसॉन हा कण निश्चितपणे शोधून काढला. १९५० सालचे भौतिकशास्त्राचे नोबेल पारितोषिक पॉवेल यांना मिळाले. बोस आणि चौधुरी यांनी ही पद्धत आधीच सुचविली होती, याचा उल्लेख पॉवेल यांनी पुढे आपल्या ग्रंथात केला. पण जगाच्या लक्षात राहिले ते पॉवेल यांचेच नाव.

बिभा चौधुरी खचल्या नाहीत. इंग्लंडमध्ये मँचेस्टर येथे पी. एम. एस. ब्लॅकेट यांच्या प्रयोगशाळेत त्यांनी विश्वकिरणांचा अभ्यास पुढे चालविला आणि डॉक्टरेट मिळविली. १९४९ साली त्या मुंबईस आल्या व होमी भाभा यांनी स्थापन केलेल्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रुजू झाल्या. त्या संस्थेतील त्या पहिल्या स्त्री-संशोधक. पुढे त्यांनी अहमदाबादच्या भौतिकी संशोधन प्रयोगशाळेत काम केले. कोलारच्या सोन्याच्या खाणीत, जमिनीखाली खोलवर चाललेल्या विश्वकिरणांच्या प्रयोगांतही त्या सहभागी झाल्या. उतारवयातही त्यांचे संशोधन थांबले नाही. १९९१ साली कोलकात्यात त्यांचे निधन झाले. त्या वेळी देशातील फारच थोड्या लोकांना त्यांचे नाव ठाऊक होते.

जे दिसत नाही ते मागावरून ओळखावे, हे काम त्यांनी आयुष्यभर केले. त्यांच्या स्वतःच्या बाबतीतही शेवटी तसेच घडले. त्यांचे जुने शोधनिबंध पुढच्या पिढीतील अभ्यासकांनी पुन्हा वाचले, त्यांच्या कामाचा माग काढला, आणि त्यांचे मोठेपण लोकांपुढे आणले. त्यानंतरच एका विद्यार्थ्याला एका ताऱ्यासाठी त्यांचे नाव सुचवावेसे वाटले. हा न्याय त्यांच्या हयातीत झाला असता, तर किती बरे झाले असते! पण त्यांनी केलेले काम खरे होते, म्हणूनच पन्नास-साठ वर्षांनंतरही ते शोधणाऱ्याला सापडले.

अदृश्य ग्रहांचा माग काढण्याचे काम आजही चालू आहे, आणि महाराष्ट्राचाही त्यात वाटा आहे. पुणे जिल्ह्यात नारायणगावजवळ खोडद येथे एक विशाल रेडिओ दुर्बीण आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या मिळून ती झाली आहे. आपल्या गुरूपासून रेडिओ लहरी निघतात, हे १९५५ साली उघडकीस आले. इतर ताऱ्यांच्या वायुग्रहांकडूनही तशा लहरी येतात काय, याचा शोध खोडदच्या दुर्बिणीने अनेकदा घेतला आहे. तेथे डोळ्यांऐवजी जणू कान लावून आकाश ऐकले जाते.

तोरणमाळच्या पठारावर फाल्गुनी अमावास्येची रात्र पुन्हा येईल. तलावाचे पाणी काळे होईल, विळा डोक्यावर येईल आणि त्याच्या मुठीशी मघा चमकेल. मघेपासून दीड मूठ दक्षिणेस आकाश पूर्वीसारखेच रिकामे दिसेल. परंतु ज्याने ही हकीकत वाचली आहे, त्याला ते रिकामे वाटणार नाही. तेथे बिभा आहे. आणि दर दोन दिवस सव्वातीन तासांनी तिला एक फेरी घालणारा संतमसही तेथे आहे.

शब्दार्थ

विरून जाणे – नाहीसे होणे. लोलक – प्रकाशाचे रंग वेगळे करणारा काचेचा तुकडा. मूलद्रव्य – ज्याचे साध्या रासायनिक क्रियेने आणखी भाग पडत नाहीत असा पदार्थ. वस्तुमान – एखाद्या वस्तूतील द्रव्याचे परिमाण. प्रकाशवर्ष – प्रकाश एका वर्षात जितके अंतर तोडतो तितके अंतर. वेध घेणे – आकाशातील ज्योतींचे साधनांनी निरीक्षण करणे. झाकोळणे – अंधारून येणे. माग – मागे राहिलेली खूण.

स्वाध्याय

१. पुढील प्रश्नांची एकेका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) बिभा हा तारा नुसत्या डोळ्यांना का दिसत नाही?
(आ) गुरूला वायुग्रह का म्हणतात?
(इ) संतमस या ग्रहाचे वर्ष किती दिवसांचे आहे?
(ई) बिभा चौधुरी मुंबईतील कोणत्या संस्थेत व कोणत्या साली रुजू झाल्या?

२. चार-पाच वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) यात्रेत मुलाला फिरवणारा बाप आणि ग्रह असलेला तारा यांत कोणते साम्य आहे?
(आ) मालगाडीच्या भोंग्याच्या उदाहरणाने कोणता नियम समजावून दिला आहे? ताऱ्यांच्या अभ्यासात त्याचा उपयोग कसा होतो?
(इ) बिभा चौधुरी यांचे संशोधन मध्येच का अडले? पुढे काय झाले?

३. ‘त्यांच्या स्वतःच्या बाबतीतही शेवटी तसेच घडले,’ या वाक्याचा अर्थ तुमच्या शब्दांत स्पष्ट करा.

४. पुढील वाक्प्रचारांचा वाक्यांत उपयोग करा : लक्ष वेधून घेणे, माग काढणे, जन्मास येणे, वाट्यास येणे, उघडकीस येणे.

५. विरुद्धार्थी शब्द लिहा : प्रकाश, विरळ, अदृश्य, उष्ण, चढा (सूर).

६. अमावास्येच्या जवळपास एखाद्या मोकळ्या रात्री घरातील वडील माणसांबरोबर आकाश पाहा. ओळखता आलेल्या ताऱ्यांची व नक्षत्रांची नावे आणि पाहिल्याची वेळ वहीत नोंदवा. महिन्याने त्याच वेळी पुन्हा पाहून काय बदल झाला ते लिहा.